मोहिते गुरुजींचं घड्याळ

दादांची पिशवी अजून दारामागच्या खिळ्यालाच होती. परवा ती काढून आवरायला घेतली. आत एक पांढरं कापड, मेणबत्त्यांचं पाकीट, त्यात तीन शिल्लक, अगरबत्ती, काडेपेटी, छोटी कात्री, दोऱ्याचं रीळ आणि दोन धुतलेले रुमाल. मी एका हॉस्पिटलच्या भांडारात सत्तावीस वर्षं काढली आहेत. वस्तू हातात आली की मी ती आधी मोजते, वाटायचं ते मग वाटतं. सगळं मोजून झालं. कागद एकही नव्हता. पिशवी माझ्या वडिलांची आहे हे सांगायला तेवढं पुरेसं होतं.

दादा म्हणजे नायगावच्या चाळींतले मोहिते गुरुजी. शाळेत त्यांनी कधी शिकवलं नाही. गिरणी बंद पडल्यावर ते फोर्टातल्या एका कचेरीच्या इमारतीत लिफ्टमन झाले आणि निवृत्त होईपर्यंत लिफ्टमनच राहिले. चाळीत गुरुजी होते, कारण ते बौद्धाचार्य होते. आमच्यात नामकरण, लग्न, गृहप्रवेश, अंत्यविधी, मृत्यूनंतरचं पुण्यानुमोदन हे सगळं बौद्धाचार्य करतात. दादांनी ते चाळीस वर्षांहून जास्त केलं, ड्युटी सांभाळून, रविवार घालवून. आईची एकच तक्रार असायची. "सगळ्यांच्या घरचे झालात, आपल्या घरी कधी यायचं ठरलंय?"

बाहेरच्या माणसाला एक गोष्ट माहीत नसते. या सगळ्या विधींची सुरुवात एकच असते. पांढरे कपडे, पांढरं कापड अंथरलेलं टेबल, दोन प्रतिमा, फुलं, मेणबत्ती, मग त्रिसरण आणि पंचशील. तिथपर्यंत लग्नाचं घर आणि मयताचं घर सारखंच. फरक पुढे पडतो.

दादांच्या बाबतीत तो फरक आम्हाला आधीच कळायचा. लग्नाला जाताना ते मनगटावर घड्याळ बांधायचे. मयताला जाताना ते काढून आईच्या हातात द्यायचे. पांढऱ्या तबकडीचं, रोज सकाळी चावी द्यावी लागणारं घड्याळ होतं. मी लहानपणी एकदा विचारलं होतं, असं का? म्हणाले, "दुःखाच्या घरी माणसानं वेळ बघू नये. तिथं बसलेल्याला वाटतं, याला निघायचंय."

आणि ते खरोखर निघायचे नाहीत. एकदा सोळा नंबर चाळीतली म्हातारी गेली, तिचा मुलगा परगावाहून यायचा होता, तर दादा सकाळपासून संध्याकाळपर्यंत तिच्या दारात पाट टाकून बसले. त्या दिवशी कामावर खाडा पडला. साहेबांनी विचारलं तर सांगितलं, "घड्याळ घरी राहिलं होतं."

लग्नात मात्र उलटं. पत्रिकेवर अकरा म्हणजे अकरा. एका लग्नात वरात खाली रस्त्यावर नाचत होती, नवरदेव मित्रांच्या खांद्यावर. अकरा वाजले. दादांनी माईक घेतला आणि वंदना सुरू केली. मुलीचा मामा धावत आला, "गुरुजी, नवरा खाली आहे हो!" दादांनी एक गाथा पूर्ण केली आणि शांतपणे म्हणाले, "त्याला निरोप द्या. लग्न सुरू झालंय, जमलं तर या." पाच मिनिटांत नवरदेव घामाघूम होऊन वर हजर. त्या लग्नाची गोष्ट नायगावात वर्षानुवर्षं सांगितली गेली, आणि दरवेळी त्यातली वरात थोडी लांबत गेली.

लिफ्टमध्ये त्यांची दुसरी ख्याती होती. माणसाला मजला दुसऱ्यांदा विचारायचा नाही. चेहरा दिसला की यांचा हात बटणाकडे. एकदा कुणी मोठे साहेब रजेवरून परत आले आणि तोंडातून "सहावा" निघालं. दादांनी त्यांना आठव्यावर नेऊन सोडलं. साहेब तापले. दादा म्हणाले, "तुमचं टेबल मागच्या आठवड्यात इथं आणलं, सर. खिडकीजवळ आहे. बसून बघा." ही गोष्ट सांगताना ते दर वेळी थांबायचे आणि म्हणायचे, "माणूस लक्षात ठेवला की मजला आपोआप राहतो."

असा माणूस कागद कशाला वापरेल? लग्नाच्या प्रतिज्ञा, गाथा, मृताच्या तीन पिढ्यांची नावं, सगळं पाठ. हाताखाली शिकणाऱ्यांनाही त्यांनी कागद धरू दिला नाही. आनंद नावाचा वायरमन त्यांच्याकडे शिकत होता, आता तोही पन्नाशीला आला. त्यानं एकदा तळहातावर पेनानं नाव लिहून आणलं. दादांनी ते बघितलं. विधी झाल्यावर त्याला नळावर नेलं आणि हात धुवायला लावले. "ज्याचं नाव दोन तास लक्षात राहत नाही, त्याच्या घरी बोलायला कशाला जायचं?"

मी उलट्या टोकाची. मला यादीशिवाय भाजीसुद्धा आणता येत नाही. दादा मला "रजिस्टर" म्हणायचे. "रजिस्टर, आज आपल्याला हसायचं किती वाजता आहे?"

विसरणं सुरू झालं ते एका नामकरणात. दादांनी बाळाच्या आईला नाव विचारलं, ते जाहीर केलं, साखर वाटली आणि मग परत विचारलं. लोक हसले, गुरुजी थट्टा करताहेत असं वाटलं. तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा आनंद हसला नाही. त्यानं मला फोन केला. "सुजाताताई, एकदा डॉक्टरांना दाखवून घ्या."

दाखवलं. डॉक्टरांनी आजाराचं नाव सांगितलं, गोळ्या लिहिल्या आणि काय काय होत जाईल तेही सांगितलं. मी ते वहीत क्रमानं उतरवलं. त्यातलं बहुतेक त्याच क्रमानं झालं.

आई आधीच गेली होती. माझे मिस्टर विलास रेल्वेच्या वर्कशॉपमध्ये फिटर होते, तेही सात वर्षांपूर्वी अचानक गेले. त्यात चाळ पाडायला घेतली. मग मी, माझी मुलगी समता आणि दादा, असे तिघं परळला एका इमारतीच्या नवव्या मजल्यावर भाड्यानं राहायला आलो. दिवसा दादांजवळ बसायला संगीता यायची.

नव्या घरात दादा पहिल्या आठवड्यातच हरवले. संगीता खाली वर धावली, वॉचमननं गेटबाहेर बघितलं, मी कामावरून निघाले. ते सापडले लिफ्टमध्ये. तासभर तिथंच होते. भिंतीला पाठ, एक हात बटणांजवळ, येणाऱ्या प्रत्येकाला "कितवा?" विचारत होते. आम्ही सगळ्या मजल्यांवर शोधलं होतं. प्रत्येक वेळी त्यांनीच आम्हाला नेलं होतं, पण धावपळीत कुणी मान वर करून बघितलं नव्हतं. संगीता म्हणाली, "मला सातव्यावर सोडलं हो त्यांनी! मी थँक्यू पण म्हटलं."

मग ते रोजचंच झालं. सकाळी मी कामाला निघाले की दादा पांढरा शर्ट घालून माझ्याबरोबर निघायचे, मला खाली सोडायचे, आणि संगीता सोबत उभी राहून तासभर त्यांना लिफ्ट चालवू द्यायची. मला वाटलं, सोसायटीवाले बोलतील. पाचव्या मजल्यावरच्या नाईक मॅडम फक्त एवढंच म्हणाल्या, "तुमचे दादा आल्यापासून मुलं लिफ्टमध्ये उड्या मारत नाहीत. त्यांना स्टूल देऊ का?" दादांनी स्टूल घेतलं नाही. ड्युटीवर बसत नाहीत.

अशात समताचं लग्न ठरलं. तिची एकच अट होती. "लग्न आजोबाच लावणार."

मी म्हटलं, "अगं, त्यांना सकाळचा चहा घेतलेला आठवत नाही."

"वंदना आठवते. काल बाथरूममध्ये सगळी म्हणत होता."

"आणि अडले तर? तुझ्या सासरची दीडशे माणसं समोर असतील."

"अडला तर आनंदकाका आहे ना. आई, तू यादीत लिहून टाक आणि सोड."

दादांना सांगितलं तेव्हा त्यांनी आधी तारीख विचारून घेतली. मग म्हणाले, "हे शेवटचं. पण नीट लावीन." कधी कधी त्यांना सगळं स्वच्छ दिसायचं, त्यातलीच ती वेळ. त्यांना काय होतंय हे त्यांना माहीत होतं, आणि लोकांसमोर काय होऊ शकतं हेही. चाळीस वर्षांचं नाव एका दुपारी हसण्यावारी जाऊ शकत होतं. त्यांनी समतासाठी ते पणाला लावलं. जाऊ द्यायचं नाही एवढं बघणं माझं काम होतं.

मी एक कार्ड तयार केलं. मोठ्या अक्षरात सगळा क्रम, वर समताचं आणि मुलाचं नाव, प्लास्टिकमध्ये घालून. दादांनी चष्मा लावून ते पूर्ण वाचलं, उलटून मागची बाजू बघितली आणि परत दिलं.

"छान झालंय. भांडारात लाव."

"दादा, नुसतं खिशात ठेवा. बघू नका."

"न बघायचं तर ठेवू कशाला?"

मग दर रविवारी आनंद यायचा आणि दोघं सराव करायचे. दिवाणखान्यात मी नवरी व्हायची, संगीता नवरा. दादा प्रतिज्ञा सांगायचे, आम्ही मागून म्हणायचो. पत्नीचा सन्मान करीन असं म्हणताना संगीताला हसू आवरायचं नाही. "माझ्या नवऱ्याला पण घेऊन येऊ का, गुरुजी? त्याला कुणी सांगितलंच नाही हे." सहा रविवारांत दादा फक्त दोनदा अडले, आणि आनंदनं हळूच पहिला शब्द दिला की पुढचं सगळं आपोआप यायचं. मी वहीत खूण केली.

लग्नाच्या सकाळी दादांना मीच तयार केलं. पांढरा शर्ट, पांढरी पँट, पिशवी. घड्याळाला चावी देऊन माझ्या हातानं त्यांच्या मनगटावर बांधलं. त्यांनी ते कानाशी नेलं. "चालतंय."

दादरच्या हॉलवर सगळं माझ्या यादीप्रमाणे चाललं होतं. यादीत चौदावं काम होतं, विलासचा फोटो. वडील नसलेल्या मुलीच्या लग्नात त्यांचा फोटो ठेवतात, मीही ठेवला. प्रतिमांच्या टेबलावरच, डाव्या कडेला, मोगऱ्याचा हार घालून, पुढे एक मेणबत्ती लावून. ठेवून झाल्यावर मी काम खोडलं आणि जेवणाचं बघायला गेले.

बरोबर अकराला दादांनी वंदना सुरू केली. त्रिसरण, पंचशील, एकही अक्षर इकडचं तिकडे नाही. हॉलनं "साधू, साधू, साधू" म्हटलं. आनंदनं माझ्याकडे बघून मान हलवली. दादांनी डोळे उघडले आणि समोरच्या टेबलाकडे बघितलं.

पांढरं कापड. मेणबत्ती. हार घातलेला विलास.

मी पहिल्या रांगेत होते. मला त्यांचा उजवा हात डाव्या मनगटाकडे जाताना दिसला. त्यांनी पट्टा सोडवला. घड्याळ काढलं, नेहमीप्रमाणे द्यायला आईला शोधलं, ती दिसली नाही म्हणून शर्टाच्या खिशात टाकलं. तेव्हाच मला कळलं आता काय होणार. हॉलमधल्या दुसऱ्या कुणालाच कळलं नव्हतं.

"बसून घ्या सगळे," दादा माईकवर म्हणाले. आवाज बदललेला. "आमचे जावई विलास आज आपल्यात नाहीत."

माझ्या शेजारी मुलाची आई बसली होती. तिनं माझा हात धरला. "हे काय?"

आनंद पुढे झाला, माईककडे हात नेला. समतानं त्याची बाही धरली. ती हळू बोलली, पण माईक जवळ होता, सगळ्यांना ऐकू गेलं. "आनंदकाका, थांब. बोलू दे त्याला."

मला एकदम आठवलं. विलास गेले तेव्हा समता सोळा वर्षांची होती. अंत्यविधीच्या वेळी तिला चक्कर आली आणि शेजारणीनं तिला खालच्या खोलीत नेऊन झोपवलं होतं. दादा जावयाबद्दल काय बोलले, ते तिनं ऐकलंच नव्हतं. लोकांनी तिला नंतर फक्त एवढं सांगितलं होतं की गुरुजी फार छान बोलले.

दादा बोलत होते. "विलास बोलायचा कमी. पहिल्यांदा आमच्या घरी आला, चहा घेतला, वर बघितलं आणि म्हणाला, पंखा डुगडुगतोय. स्टुलावर चढला. आमच्या मंडळी म्हणाल्या, अहो पाहुणे आहात. तर म्हणाला, पडला तर तुमच्याच डोक्यात पडेल. त्या दिवशी मी ठरवलं की मुलगी इथं द्यायची. त्याला एक मुलगी आहे. रोज रात्रपाळीहून आला की ती झोपलेली असायची, हा तिच्या चपला उंबऱ्याजवळ सरळ करून ठेवायचा, शाळेला निघताना पायात घालायला सोप्या. तिला हे माहीत नाही. तिला कुणीतरी सांगा."

समता दोन्ही हातांत हार धरून उभी होती. हलली नाही.

"आपण दोन मिनिटं उभे राहू," दादा म्हणाले.

आणि हॉल उभा राहिला. आमच्याकडचे, त्यांच्याकडचे, स्वयंपाकाकडून बघायला आलेले वाढपी, कॅमेरावालासुद्धा. मुलाची आईही उभी राहिली. तिनं माझा हात सोडला नव्हता.

दोन मिनिटं मी माझ्या मोबाइलवर मोजली. मग स्टेजवर गेले. दादांच्या खिशातून घड्याळ काढलं आणि त्यांच्या मनगटावर बांधलं. पट्ट्याचं भोक सापडेना. "दादा, समताचं लग्न आहे," मी म्हटलं.

त्यांनी माझ्याकडे बघितलं, मग घड्याळाकडे. भुवया चढल्या.

"सव्वाअकरा! मग मुलांना उभं करा. वेळ कसला लावताय?"

हॉल हसला. ते हसणं त्यांच्यावर नव्हतं, हे मी आजही खात्रीनं सांगेन. मग दादांनी दोघांच्या सगळ्या प्रतिज्ञा सांगितल्या, गाथा म्हटल्या, आशीर्वाद दिला. आनंदला एकही शब्द द्यावा लागला नाही.

जेवताना मुलाची आई माझ्याकडे आली. मी माफी मागायची तयारी केली होती. ती म्हणाली, "आमच्या सासऱ्यांचा पण फोटो ठेवायला हवा होता हो. गुरुजी त्यांच्यावरही दोन शब्द बोलले असते."

घरी येताना टॅक्सीत दादांनी विचारलं, "कुणाचं लग्न होतं?"

"समताचं, दादा."

"नीट लागलं?"

"तुम्हीच लावलंत."

"मग नीटच लागलं असणार," असं म्हणून ते खिडकीबाहेर बघत बसले.

त्यानंतर त्यांनी कुठलाही विधी केला नाही. वर्षभरात नावं गेली. आधी आनंदचं, मग समताचं, मग माझं. लिफ्टमध्ये मला "कितवा?" विचारायला लागले. मी "तळमजला" म्हटलं की सभ्यपणे मान हलवायचे. एकदा वर जाताना म्हणाले, "नवव्यावर माझी मुलगी राहते. फार कामाची आहे. काही लिहून घ्यायचं असलं तर तिच्याकडे जा." मी म्हटलं, जाईन.

पावसाळा संपता संपता एका सोमवारी सकाळी ते स्वयंपाकघरात आले. पांढरा शर्ट, खांद्याला पिशवी. घड्याळ काढून माझ्यापुढे धरलं. "हे ठेव. मला जायचंय."

आईनंतर ते माझ्या हातात असं पहिल्यांदाच आलं होतं. मी विचारलं, "कुणाकडे?"

त्यांनी आठवून बघितलं. "नाव गेलं गं. पण जवळचं माणूस आहे."

संध्याकाळी मी घड्याळ परत बांधायला गेले. त्यांनी हात मागे घेतला. "अजून जाऊन कुठं आलोय?" दुसऱ्या दिवशीही तेच. मी वहीत लिहून ठेवलं, दादांचं घड्याळ बांधणे, आणि रोज ते काम पुढच्या पानावर न्यायची. असे अकरा दिवस गेले.

बाराव्या दिवशी दुपारी संगीताचा फोन आला. दादा जेवून आडवे झाले आणि उठले नाहीत. पुढचं सगळं आनंदनं केलं, कागदाशिवाय. तो आला तेव्हा त्याचं मनगट मोकळं होतं. मी ते बघितलं.

मला दादा दिसतात ते त्या दिवशी सकाळचे. मी कामाला निघाले, ते माझ्याबरोबर लिफ्टमध्ये शिरले. भिंतीला पाठ लावली. मी काही सांगायच्या आतच त्यांचा हात तळमजल्याच्या बटणाकडे गेला. मजला विचारला नाही. खाली पोचलो. दार उघडलं. "तळमजला," ते म्हणाले, आणि मी उतरले. वळून बघितलं. ते सरळ उभे होते, संगीता त्यांच्या शेजारी. बटणापाशी धरलेल्या हाताच्या मनगटावर घड्याळाच्या जागी उन्हानं न रापलेला एक फिकट पट्टा होता. वरून कुणीतरी लिफ्ट बोलावली होती. दार मिटलं आणि ते वर गेले.